एफी ब्रीस्टच्या घरातला चिनी माणूस : जर्मन वास्तववाद कसा वाचावा?

सुमेधा (धागाकर्ती)

एकोणिसाव्या शतकातील जर्मन कादंबरीकार थिओडोर फोंटाने यांची ‘एफी ब्रीस्ट’ ही कादंबरी मी नुकतीच दुसऱ्यांदा वाचून संपवली. पुण्याच्या रानडे इन्स्टिट्यूटमध्ये जर्मन शिकत होते त्या काळात ती पहिल्यांदा वाचली, तेव्हा ती एका फसलेल्या लग्नाची, आवाज न चढवता सांगितलेली गोष्ट एवढीच वाटली होती. या वेळी जर्मन साहित्य-अभ्यासक एरिख आउअरबाख यांचा ‘मिमेसिस’ हा ग्रंथ शेजारी होता, आणि त्यातल्या एका अभिप्रायाशी माझे मनातल्या मनात भांडण सुरू झाले. ते भांडण इथे मांडावे, जाणकारांनी त्यात भर घालावी किंवा माझी चूक दाखवावी, यासाठी हा धागा काढते आहे.

आउअरबाख ज्यू होते. १९३५ मध्ये त्यांना मारबुर्ग विद्यापीठातून काढून टाकण्यात आले आणि पुढच्या वर्षी ते इस्तंबूलला गेले. १९४२ ते १९४५ या काळात तिथे लिहिलेला आणि १९४६ मध्ये बर्न येथे प्रसिद्ध झालेला हा ग्रंथ होमरपासून व्हर्जिनिया वुल्फपर्यंत पाश्चात्त्य साहित्यातील वास्तवाच्या चित्रणाचा माग काढतो. सामान्य माणसाचे रोजचे जगणे त्याच्या काळाच्या सामाजिक उलथापालथीत घट्ट रोवून, पूर्ण गांभीर्याने दाखवणे ही त्यांची आधुनिक वास्तववादाची कसोटी आहे. स्टेंधाल, बाल्झाक आणि फ्लोबेर या कसोटीला उतरतात. जर्मन लेखकांपाशी आल्यावर मात्र त्यांना केलर, श्टिफ्टर, श्टॉर्म हे आपापल्या प्रांताच्या कुंपणात राहिलेले दिसतात. उतारवयातील फोंटाने कसोटीच्या जवळ येतात खरे, पण त्यांचा सूर गप्पांच्या अर्ध्या गांभीर्यापलीकडे जात नाही, असा आउअरबाख यांचा निर्वाळा आहे.

निरीक्षण अचूक आहे. त्यातून काढलेला निष्कर्ष मला पटत नाही. ज्या समाजाचे चित्र फोंटाने काढतात तो समाज माणसांना मारतो तोही याच अर्ध्या सुरात, आणि म्हणून तो सूर ही त्या वास्तवाची नेमकी नोंद आहे, असे माझे म्हणणे आहे.

ज्यांनी कादंबरी वाचलेली नाही त्यांच्यासाठी कथानक थोडक्यात सांगते. सतरा वर्षांच्या एफीचे लग्न अडतीस वर्षांच्या बॅरन इनश्टेटेनशी होते. हा गृहस्थ तरुणपणी तिच्या आईच्या प्रेमात होता. बाल्टिक किनाऱ्यावरील केसिन या काल्पनिक गावी तो जिल्ह्याचा प्रमुख अधिकारी असतो. तिथल्या एकटेपणात मेजर क्राम्पासशी तिचे काही काळ संबंध येतात. मग नवऱ्याची बर्लिनला बदली होते आणि सारे मागे पडते. साडेसहा वर्षांनी क्राम्पासची जुनी पत्रे इनश्टेटेनच्या हाती लागतात. तो क्राम्पासला द्वंद्वात ठार करतो, एफीला घटस्फोट देतो, मुलीला तिच्यापासून तोडतो. एफी माहेरी परतते आणि ऐन तारुण्यात मरते.

ही कथा फोंटाने यांनी कल्पनेतून काढलेली नाही. ‘फोसिशे त्साइटुंग’ या वृत्तपत्राच्या मालकांच्या पत्नीने त्यांना ती जेवणाच्या मेजावर सांगितली होती. आर्मांड फॉन आर्देन या लष्करी अधिकाऱ्याने २७ नोव्हेंबर १८८६ रोजी बर्लिनमध्ये आपल्या पत्नीशी संबंध असलेले न्यायाधीश एमिल हार्टविश यांच्याशी द्वंद्व केले आणि हार्टविश १ डिसेंबरला मरण पावले. आर्देनला शिक्षा झाली ती किल्ल्यातील सन्मानाच्या कैदेची, आणि तीही फार थोड्या दिवसांत माफ झाली. पुढे तो सेनेत वरच्या पदापर्यंत चढला. त्याची पत्नी एलिझाबेथ घटस्फोटानंतर परिचारिका झाली आणि १९५२ मध्ये, वयाच्या ९८ व्या वर्षी वारली.

आता या घटनेत लेखकाने काय काय बदलले ते पाहा. आर्देन पतिपत्नींच्या वयात पाच वर्षांचे अंतर होते, ते कादंबरीत एकवीस झाले. खऱ्या प्रकरणात पत्रे हाती लागली तेव्हा नाते जिवंत होते आणि द्वंद्व लगोलग झाले. कादंबरीत मध्ये साडेसहा वर्षे घातली आहेत. खरी स्त्री जगली, कादंबरीतली मेली. यातला दुसरा बदल मला सर्वांत मोठा वाटतो. आर्देन रागाच्या भरात होता असे म्हणायला जागा आहे. इनश्टेटेनला ती जागाच ठेवलेली नाही. सत्ताविसाव्या प्रकरणात तो आपला सहकारी व्ह्युलर्सडोर्फ याला बोलावतो आणि स्वतःच कबूल करतो की त्याच्या मनात द्वेष नाही, सूडाची तहान नाही, बायकोवर त्याचे अजून प्रेम आहे, आणि क्षमा करावी असे त्याला आतून वाटते. तरीही गोळी चालवावीच लागेल, कारण माणसे एकत्र राहू लागली की त्यांच्यात एक ‘काहीतरी’ तयार होते, आणि त्याच्या नियमाप्रमाणे आपण सगळ्यांना, स्वतःलाही, तोलत असतो. त्याला तो आपल्यावर जुलूम करणारे ‘समाज नावाचे काहीतरी’ म्हणतो. मग तो आणखी एक भयंकर गोष्ट सांगतो. मी तुला बोलावले त्याच क्षणी या गोष्टीला एक साक्षीदार मिळाला, आता डाव माझ्या हातात राहिलेला नाही. राग विझलेला, प्रेम शिल्लक, आणि तरी मृत्यू अटळ. वस्तुस्थितीपासून दूर जाऊन फोंटाने यांनी त्या यंत्रणेचा सांगाडा उघडा केला आहे.

आणि इथेच मला तो चिनी माणूस आठवतो. केसिनच्या त्या घरात पूर्वी एक निवृत्त जहाज-कप्तान राहत असे. त्याच्याकडे एक चिनी नोकर होता. कप्तानाच्या घरातील मुलीच्या लग्नात ती मुलगी शेवटचा नाच त्या चिनी माणसाबरोबर नाचली आणि नाहीशी झाली. पंधरा दिवसांनी चिनी माणूस मेला आणि त्याला ख्रिस्ती दफनभूमीबाहेर वाळूच्या टेकड्यांत पुरले. वरच्या रिकाम्या खोलीत एका खुर्चीच्या पाठीला त्याचे छोटेसे चित्र चिकटवलेले आहे, आणि रात्री वरून पडद्यांची टोके जमिनीवर घासल्यासारखा आवाज येतो. नवी नवरी घाबरते, घर बदलू या म्हणते. नवरा काय उत्तर देतो? बायकोला चिकटवलेला चिनी भूत म्हणून दिसला म्हणून जिल्ह्याच्या अधिकाऱ्याने घर विकले असे गावात लोकांना म्हणू देणे मला शक्य नाही, तसे झाले तर मी संपलो. भूत आहे की नाही यावर तो धड बोलतच नाही. लोक काय म्हणतील, एवढाच त्याचा मुद्दा आहे.

दहाव्या प्रकरणातले हे उत्तर आणि सत्ताविसाव्या प्रकरणातला तो निर्णय एकाच मुशीतले आहेत. भूत अदृश्य आहे, ‘समाज नावाचे काहीतरी’ही अदृश्य आहे, दोन्हींना हात लावता येत नाही, आणि दोन्ही मिळून एका मुलीचे आयुष्य चालवतात. कादंबरी प्रसिद्ध झाल्यावर समीक्षक योझेफ व्हिक्टर विडमान यांना १९ नोव्हेंबर १८९५ रोजी लिहिलेल्या पत्रात फोंटाने यांनी त्या भुताला संपूर्ण कथेची खीळ, जिच्याभोवती सारे फिरते, असे म्हटले आहे. वास्तववादी कादंबरीत भूत कशाला, असे विचारणाऱ्यांना हे पुरेसे उत्तर आहे असे मला वाटते. आपले काय मत?

नदीकाठ

सुमेधाताई, मांडणी आवडली, आणि दहावे व सत्ताविसावे प्रकरण जोडून वाचणे मला स्वतःला सुचले नव्हते. तरीही एक आक्षेप नोंदवतो, कारण जर्मन वास्तववादाविषयी बोलताना मर्यादेलाच गुण ठरवण्याची सवय मला नेहमी खटकत आली आहे.

१८५३ मध्ये फोंटाने यांनी १८४८ नंतरच्या जर्मन काव्य-कथेवर एक निबंध लिहिला. वास्तववाद म्हणजे काय हे सांगण्याआधी तो काय नाही हे ते त्यात सांगतात. रोजच्या आयुष्याचे नागडे चित्रण म्हणजे वास्तववाद नव्हे, आणि त्या आयुष्यातील हालअपेष्टांचे व काळ्या बाजूंचे तर मुळीच नव्हे. जीवन ही संगमरवराची खाण आहे, तिच्यात असंख्य मूर्ती दडलेल्या आहेत, पण कलावंताचा हात लागल्यावाचून त्या बाहेर येत नाहीत, ही त्यांची उपमा आहे. उपमा सुंदर आहे, पण खाणीत दगड फोडणाऱ्या माणसाचे काय, हा प्रश्न तिच्यात शिल्लकच राहत नाही.

२२ फेब्रुवारी १८९६ रोजी, म्हणजे ‘एफी ब्रीस्ट’ पुस्तकरूपाने आल्यानंतर काही महिन्यांनी, जेम्स मॉरिस या इंग्लंडमधील मित्राला लिहिलेल्या पत्रात हेच फोंटाने म्हणतात की आता सारे औत्सुक्य चौथ्या वर्गाविषयी, म्हणजे कामकऱ्यांविषयी आहे. भांडवलदार भयंकर आहे, सरदारवर्ग आणि धर्मगुरू शिळे झाले आहेत. गेर्हार्ट हाउप्टमान यांचे पहिले नाटक १८८९ मध्ये रंगभूमीवर आले तेव्हा त्याच्या बाजूने ठामपणे लिहिणाऱ्यांत सत्तरीला टेकलेले फोंटाने होते. त्यांना दिसत होते. तरीही ते स्वतः कादंबरीसाठी पुन्हा पुन्हा सरदारांच्या दिवाणखान्यात परतले. आउअरबाख यांची तक्रार मला या जागी खरी वाटते. दिवाणखान्यातला अर्धा सूर दिवाणखान्यापुरता नेमका असेलही, पण जिन्याखाली काय चालले आहे ते त्या सुरात ऐकू येत नाही.

तळटीप

दोघांच्याही म्हणण्याला थोडी पार्श्वभूमी जोडतो.

पॅरिससारखी एकच राजधानी, एकच वाचकवर्ग आणि एकच राजकीय रंगमंच जर्मन भाषकांना १८७१ पर्यंत नव्हता. केलर झुरिकचे, श्टिफ्टर बोहेमियातले, श्टॉर्म डेन्मार्कच्या राजाच्या सत्तेखालील हुझुमचे, राबे ब्राउनश्वाइगच्या डचीतले. त्यांचे गाव हेच त्यांचे राज्य होते. प्रांतिकता हा त्यांचा दोष मोजताना ही वस्तुस्थिती बाजूला ठेवता येत नाही. ‘लोइटे फॉन झेल्डव्हिला’ या १८५६ च्या संग्रहातील केलर यांची ‘खेड्यातले रोमिओ आणि ज्युलिएट’ पाहा. मान्झ आणि मार्टी हे दोन शेतकरी नांगरणी करताना दोघांच्या मधल्या बेवारस शेताची नांगराची एकेक ओळ गुपचूप आपल्यात ओढून घेतात. जमिनीच्या हावेतून खटला उभा राहतो, खटल्यातून दोन्ही घरे धुळीला मिळतात, आणि दोघांची मुले शेवटी गवताने भरलेल्या होडीतून नदीत जीव देतात. केलर यांनी ही घटना १८४७ मध्ये झुरिकच्या एका वृत्तपत्रात वाचली होती. मालमत्ता माणसाला कशी खाते याचे इतके काटेकोर चित्र काढायला बाल्झाकला अख्खे पॅरिस लागले असते. केलर यांना तीन शेते पुरली.

दुसरा मुद्दा अधिक गंभीर आहे. १८४८ ची क्रांती फसल्यानंतर युलियान श्मिट आणि गुस्ताव फ्रायटाग यांनी ‘ग्रेन्सबोटेन’ या नियतकालिकातून वास्तववादाचा जो कार्यक्रम मांडला त्यात निवड उघड होती. कादंबरीने जर्मन लोकांना त्यांच्या कर्तबगारीत, म्हणजे त्यांच्या कामात शोधावे, हे श्मिट यांचे वाक्य फ्रायटाग यांनी १८५५ च्या ‘झोल उंड हाबेन’ या कादंबरीच्या आरंभी छापले. ब्रेसलाउमधल्या व्यापारी पेढीचे, हिशेबाच्या वह्यांचे, गोदामातल्या वासांचे त्यातले वर्णन आजही जिवंत वाटते. पण कष्टाळू जर्मन तरुणासमोर लबाड ज्यू उभा केल्याशिवाय ते चित्र पुरे होत नाही. हे पुस्तक पुढे कित्येक दशके मध्यमवर्गीय घरांत भेट म्हणून दिले जात राहिले. फोंटाने यांनी त्याच वर्षी त्याचे परीक्षण करताना स्तुती केली आणि ज्यूंच्या चित्रणावर प्रश्नही उपस्थित केला. मात्र त्यांच्या स्वतःच्या खाजगी पत्रांत ज्यूंविषयीचे पूर्वग्रह भरपूर सापडतात, हेही नोंदवले पाहिजे.

या साऱ्या लेखकांना बांधणारा समीक्षेतला शब्द ‘फेर्क्लेरुंग’ हा आहे. वास्तवाला आतून उजळणे, त्याचे ओबडधोबडपण विरघळवून त्याला अर्थ देणे. मूळ शब्द ख्रिस्ती परंपरेतला आहे, डोंगरावर येशूचे रूप तेजोमय झाले त्या प्रसंगाचा. श्टिफ्टर यांच्या ‘बुंटे श्टाइने’ या १८५३ च्या संग्रहाच्या प्रस्तावनेतील ‘सौम्य नियमा’चा विचार याच कुळातला आहे. ज्वालामुखी आणि वादळ ही लहान गोष्ट, वाऱ्याची झुळूक आणि धान्याची वाढ ही मोठी, कारण तिच्यात कायमचा नियम दिसतो, असे ते म्हणतात. मला ती प्रस्तावना मनापासून आवडते. पण उजेड कुठे पाडायचा हे लेखक ठरवतो, आणि फ्रायटाग यांच्या हाती त्या उजेडाने काही माणसांना मुद्दाम अंधारात ढकलले.

सुमेधा

नदीकाठ, आपला आक्षेप मला निम्मा मान्य आहे. कामकरी माणसाचे जग फोंटाने यांच्या कादंबऱ्यांच्या मध्यभागी क्वचितच येते. पण जिन्याखालचे काही ऐकू येत नाही, हे मात्र खरे नाही. ‘इरुंगेन, विरुंगेन’ ही त्यांची कादंबरी १८८७ च्या उन्हाळ्यात ‘फोसिशे त्साइटुंग’मध्ये क्रमशः येत होती, तेव्हा बर्लिनच्या प्रतिष्ठित वाचकांना राग आला तो नेमका याच कारणाने. स्वतःच्या कष्टांवर पोट भरणारी लेने निम्प्च ही बॅरन बोथोपेक्षा स्वच्छ विचार करते, त्याला खोटे स्वप्न दाखवत नाही, स्वतःही पाहत नाही, आणि लेखक तिला पाप-पुण्याच्या तराजूत घालत नाही.

‘एफी ब्रीस्ट’मध्ये रोझविटा आहे. तिची कहाणी काही ओळींत येते. अविवाहित मातृत्व, बाप तापलेली लोखंडी सळई घेऊन अंगावर धावला, मूल काढून घेतले, पुढे ते मूल गेले. एफीच्या दुःखासाठी अख्खी कादंबरी खर्ची पडते आणि मोलकरणीच्या दुःखाला एका संध्याकाळच्या बोलण्याइतकी जागा मिळते, असे आपण म्हणू शकता. माझे वाचन थोडे वेगळे आहे. ती कहाणी ऐकताना एफी रोझविटाला दरडावते, कारण रोझविटा त्या वेळी घरच्या गाडीवानाशी सलगी करत असते आणि तो विवाहित आहे. मालकीण नैतिक उपदेश करते आहे, आणि ती स्वतः त्याच सुमारास क्राम्पासच्या वाटेवर आहे, हे वाचकाला कळते. लेखक त्यावर अवाक्षर बोलत नाही. दोन वर्गांतल्या दोन स्त्रियांना एकच नियम किती वेगळ्या भाषेत लागू होतो, हे तो शेजारी शेजारी ठेवून मोकळा होतो.

तळटीप, श्टिफ्टर आणि फ्रायटाग यांना एकाच शब्दाखाली आणून मग वेगळे करणे मला फार महत्त्वाचे वाटले. त्यावर विचार करते आहे.

केदार_कील

मी गेली अकरा वर्षे उत्तर जर्मनीत राहतो. हुझुम इथून आगगाडीने फार दूर नाही, आणि पश्चिम किनाऱ्यावरचे समुद्रबांध मी शरद ऋतूच्या वाऱ्यात चालून पाहिले आहेत. भुताचा विषय निघाला आहे तर टेओडोर श्टॉर्म यांच्या ‘शिमेलराइटर’ला, पांढऱ्या घोड्यावरच्या स्वाराला, वगळता येणार नाही. ही दीर्घकथा १८८८ च्या वसंतात ‘डॉइचे रुंडशाउ’मध्ये आली आणि त्याच वर्षी ४ जुलैला श्टॉर्म वारले. ‘एफी ब्रीस्ट’ही सहा वर्षांनी याच मासिकात क्रमशः आली, हा योग लक्षात घेण्यासारखा आहे.

या कथेत निवेदक तीन आहेत, एकाच्या पोटात दुसरा. पहिला सांगतो की लहानपणी पणजीच्या घरी एका जुन्या मासिकात मी हे वाचले, ते मासिक आता सापडत नाही, आणि मी कशाचीही हमी देत नाही. त्या मासिकातला प्रवासी वादळी संध्याकाळी बांधावरून जाताना एक काळी आकृती घोड्यावरून आवाज न करता शेजारून गेलेली पाहतो. मग खानावळीत गावचा म्हातारा शाळामास्तर त्याला हाउके हाइएनची गोष्ट सांगतो. हाउके हा गणित स्वतः शिकलेला, बांधाचा समुद्राकडचा उतार मंद ठेवला तर लाटेचा जोर मोडेल हे ओळखणारा बांधप्रमुख. गावकऱ्यांना बांध टिकावा म्हणून त्यात काहीतरी जिवंत पुरायचे असते. तो त्यांच्या हातून कुत्र्याचे पिल्लू सोडवतो. शेवटी जुना बांध फुटतो, बायको आणि मुलगी डोळ्यांसमोर पाण्यात जातात, आणि तोही घोड्यासह उडी घेतो.

समीक्षेत बराच काळ हाउकेला पुरोगामी अभियंता आणि गावाला अंधश्रद्ध जमाव असे वाचले गेले. पण शाळामास्तर स्वतः विवेकवादी आहे, आणि बांधप्रमुखाच्या घरची म्हातारी हीच गोष्ट निराळी सांगेल, हे कथेतच नोंदवलेले आहे. म्हणजे आपल्यापर्यंत आलेली कथा ही एका पक्षाची साक्ष आहे. पेशाने न्यायाधीश असलेल्या लेखकाने ती साक्ष म्हणूनच मांडली आहे, असे मला वाटते. हाउकेचा नवा बांध शंभर वर्षांनीही उभा आहे, आणि त्याच बांधावरून लोकांना त्याचे भूत फिरताना दिसते. अभियंत्याचे काम खरे ठरले आणि गावाचे भयही गेले नाही. यातले एकच खरे मानायला श्टॉर्म आपल्याला भाग पाडत नाहीत.

समीक्षक रिखार्ड ब्रिंकमान यांनी १९५७ मध्ये मांडलेला विचार इथे उपयोगी पडतो. वास्तव जितके काटेकोर पकडायला जावे तितकी पाहणाऱ्याची नजरच लेखनात उमटू लागते. आउअरबाख यांच्या कसोटीत या गोष्टीला एकोणिसाव्या शतकातील जर्मनांपुरती जागा मिळालेली नाही, मात्र वुल्फ यांच्यावरच्या शेवटच्या प्रकरणात ते नेमके हेच आस्थेने वाचतात.

वसुंधरा_क

मी जर्मनमधून मराठीत अनुवाद करते, त्यामुळे माझी नजर शब्दांवर अडकते.

‘वास्तव’ या आपल्या शब्दात वस्तू आहे. जर्मन ‘विर्कलिश’मध्ये ‘विर्केन’ हे क्रियापद आहे, म्हणजे परिणाम घडवणे, काम करणे, लागू पडणे. औषध लागू पडते त्यालाही हेच क्रियापद. सुमेधाताईंच्या मुद्द्याला या शब्दानेच आधार मिळतो. जे परिणाम घडवते ते ‘विर्कलिश’, मग ते दिसो वा न दिसो. खुर्चीवरचे चिकटवलेले चित्र ही वस्तू आहे, पण तिने जे घडवले ते तिच्या कागदापेक्षा कितीतरी मोठे आहे. मराठीत ‘वास्तववाद’ म्हटले की आपले लक्ष आधी सामानसुमान, बोली, गल्लीबोळ, दारिद्र्य यांकडे जाते. शब्दाने आपल्या समीक्षेलाही थोडे वळण लावले असावे, असे मला वाटते.

दुसरी अडचण शेवटच्या वाक्याची. एफीच्या थडग्यापाशी आई विचारते की आपलेच काही चुकले का, ती फारच लहान होती का. आणि म्हातारा ब्रीस्ट आपले नेहमीचे वाक्य म्हणतो, ते फार विस्तीर्ण शेत आहे. शब्दशः ठेवले तर मराठी वाचक शेतातच अडकेल. ‘हे प्रकरण फार मोठे आहे’ म्हटले तर सरकारी वाटते. मी सध्या ‘जाऊ दे, त्याला अंत नाही’ इथपर्यंत आले आहे, कारण तो उत्तर टाळतो आहे, आणि ते टाळणे प्रेमळ आहे, हे दोन्ही ऐकू आले पाहिजे. हेच वाक्य कादंबरीभर त्याच्या तोंडी येत राहते आणि आपण ते म्हाताऱ्याची लकब म्हणून सोडून देतो. शेवटी ते थडग्यापाशी येते, तेव्हा अर्धा सूर म्हणजे काय ते कळते.

एक तुलना केवळ काळाच्या जवळिकीमुळे सुचते. हरि नारायण आपटे यांची ‘पण लक्षात कोण घेतो?’ ही कादंबरी १८९० पासून ‘करमणूक’मध्ये क्रमशः येत होती. तिथे यमू स्वतः सांगते. एफीला असे स्वतःचे निवेदन नाही. तिच्याविषयी इतरच बोलत राहतात. तिचा आवाज खऱ्या अर्थाने एकदाच फुटतो. काही वर्षांनी मुलगी भेटायला येते आणि आईच्या प्रत्येक प्रश्नाला, परवानगी मिळाली तर नक्की, असे पढवलेले उत्तर देते. मुलगी गेल्यावर एफी म्हणते, मी जे केले त्याची मला किळस येते, पण त्याहून अधिक किळस तुमच्या सद्गुणांची येते. पुढे मरताना मात्र ती नवऱ्याचे सारे बरोबर होते असे म्हणून जाते. त्या दोन वाक्यांपैकी कोणते तिचे मानायचे, यावर समीक्षकांचे अजून एकमत नाही. माझे मत पहिल्याच्या बाजूने आहे, कारण दुसरे बोलताना तिच्यात बळ उरलेले नाही.

नदीकाठ

वसुंधराताईंच्या ‘विर्केन’ने मला माझ्या जागेवरून थोडे हलवले, हे प्रामाणिकपणे सांगतो. पण मग माझ्या बाजूचा एक साक्षीदार आणतो. विल्हेल्म राबे यांची १८८४ ची ‘फिस्टर्स म्युले’ ही कादंबरी. बीटपासून साखर काढणाऱ्या कारखान्याचे सांडपाणी ओढ्यात सुटते, मासे मरतात, पाण्याला दुर्गंधी सुटते, आणि पिढ्यान्‌पिढ्या चाललेली पाणचक्की व तिच्या बागेतले उपाहारगृह ओस पडते. ब्राउनश्वाइगच्या परिसरात असा खटला खरोखर झाला होता आणि राबे यांना त्याची माहिती होती. कादंबरीत चक्कीवाला खटला जिंकतो आणि तरीही चक्की संपते. पाण्याचे पृथक्करण करून त्याला मदत करणारा रसायनतज्ज्ञ पुढे बर्लिनजवळ श्प्रे नदीकाठी स्वतःचा कारखाना उभारतो. हे सारे सांगणारा मुलगा सुट्टीत, नव्या बायकोबरोबर, विकून टाकलेल्या चक्कीत बसून आठवणी लिहितो आहे. प्रांतिक म्हणावे तर ही कादंबरी एका ओढ्याएवढी आहे, आणि तरी उद्योगीकरणाचे सगळे व्यवहार तिच्यात आले आहेत.

मार्क्सवादी समीक्षक गेओर्ग लुकाच यांनी फोंटाने यांच्यावर लिहिताना म्हातारपणी त्यांना प्रशियाची पोकळी दिसली म्हणून ते मोठे झाले, असे मानले, आणि १८०६ च्या पराभवाआधीच्या सेनेवरची ‘शाख फॉन वुथेनो’ ही कादंबरी फार उंच ठेवली. पण लुकाच यांच्यापुढे बाल्झाक आणि टॉलस्टॉय यांचाच आदर्श असायचा. वास्तववादावरच्या १९३८ च्या वादात नाटककार ब्रेश्ट यांनी त्यांना दिलेले उत्तर असे होते की वास्तववाद ही जुन्या कादंबऱ्यांची रीत नाही. वास्तव बदलते, म्हणून ते दाखवण्याची रीतही बदलावी लागते. हे लेख ब्रेश्ट यांच्या हयातीत छापले गेले नाहीत. मी आउअरबाख यांची कसोटी घेऊन आलो होतो, आणि आता मला तिच्यातही थोडा लुकाच दिसू लागला आहे.

तळटीप

याच प्रकरणावर दुसरी कादंबरीही आहे, हे कुणी सांगितले नाही म्हणून लिहितो. फ्रीडरिख श्पीलहागेन त्या काळी फोंटाने यांच्यापेक्षा अधिक वाचले जाणारे लेखक होते आणि निवेदकाने कादंबरीतून पूर्णपणे अदृश्य व्हावे, असा सिद्धान्त त्यांनी मांडला होता. आर्देन प्रकरण त्यांनाही ठाऊक होते, आणि १८९७ मध्ये त्यांची ‘त्सुम त्साइटफेरट्राइब’ ही कादंबरी त्यावर आली. ती आज जवळजवळ कुणी वाचत नाही. घटना तीच, काळ तोच, हाती वास्तववादाचा सिद्धान्तही पक्का. तेव्हा फरक विषयाने किंवा सिद्धान्ताने पडलेला नाही. तो साडेसहा वर्षांच्या त्या अंतराने आणि त्या चिनी माणसाने पडला, असे सुमेधाताईंच्या बाजूने म्हणता येईल.

सुमेधा

तळटीप, ही माहिती माझ्यासाठी नवी होती. मनापासून आभार. वसुंधराताई, ‘त्याला अंत नाही’ मला पटले.

नदीकाठ यांच्या जिन्याखालच्या प्रश्नाकडे पुन्हा एकदा येते. कादंबरीच्या अखेरीकडे इनश्टेटेनला बढती मिळते, आणि त्याच दिवशी त्याच्या हाती रोझविटाचे पत्र पडते. साध्या, अडखळत्या भाषेत ती विचारते की बाईंना फिरायला जाताना एकटे वाटते, तर रोलो हा जुना कुत्रा त्यांच्याकडे पाठवता येईल का. कुत्र्यांना कोणी काय केले हे ठाऊक नसते, एवढे बरे. इनश्टेटेन ते पत्र व्ह्युलर्सडोर्फला वाचायला देतो. साडेसहा वर्षांपूर्वीच्या पत्रांवरून मरण-मारणाचा निर्णय घेणारे तेच दोघे, आणि पुन्हा एक पत्र. व्ह्युलर्सडोर्फ ते वाचून घडी घालतो आणि म्हणतो, ही आपल्यापेक्षा वरचढ आहे. इनश्टेटेन म्हणतो, मलाही तसेच वाटते.

कुत्रा पाठवला जातो. एफी गेल्यावर तो तिच्या थडग्यापाशी डोके पंजांत घालून पडून राहतो, आणि म्हातारा ब्रीस्ट त्याच्याकडे पाहतो.